थाळनेरपासून सुरुवात करा: खानदेशात बसून देशाचा इतिहास कसा वाचावा

लष्करी इतिहास वाचायचा असं मनात आलं की बहुतेक जण दोनपैकी एक वाट धरतात. एक तर दुकानातली सगळ्यात जाड ऐतिहासिक कादंबरी आणतात, नाहीतर भारताच्या पाच हजार वर्षांचा एकखंडी ठोकळा. कादंबरी चार रात्रींत संपते आणि तिच्यातले संवाद पुढे जन्मभर इतिहास म्हणून तोंडी राहतात. ठोकळा मौर्यांपाशी अडतो आणि कपाटावर जातो.

जळगाव, धुळे, नंदुरबार या पट्ट्यात राहणाऱ्यांना तिसरी वाट आहे. ‘आमना गावना काय इतिहास शे?’ असं म्हणून आपण ती सोडून देतो. खरं तर तापीचं हे खोरं उत्तरेतून दक्खनेत आणि सुरतेहून वऱ्हाडात जाणाऱ्या प्रत्येकाच्या वाटेत होतं. मोगल आले, मराठे गेले, निजाम आला, इंग्रजांची मद्रासी फौज आली, आणि जो तो आपापल्या दप्तरात खानदेशाबद्दल लिहून गेला. त्यामुळे इथला एक किल्ला नीट वाचायला घेतला की पुस्तकं तुम्हाला आपोआप दिल्ली, सातारा, मद्रास आणि लंडनपर्यंत नेतात. देशाचा इतिहास असा एका टोकाने धरून ओढावा.

पहिली पायरी: एक जागा निवडा

विषय निवडू नका, जागा निवडा. ‘मराठ्यांचं युद्धशास्त्र’ हा विषय झाला, तो नवख्याला झेपत नाही. ‘थाळनेर’ ही जागा झाली. शिरपूर तालुक्यात तापीच्या काठी पडझड झालेला किल्ला आहे आणि गावात खानदेशावर राज्य केलेल्या फारुकी सुलतानांच्या कबरी आहेत. एवढ्याशा गावात दोन वेगळे काळ भेटतात: चौदाव्या-पंधराव्या शतकातली फारुकी घराण्याची सत्ता आणि १८१८ मधली इंग्रजांची चढाई.

२१ डिसेंबर १८१७ ला महिदपूरला होळकरांचा पराभव झाला आणि त्यानंतरच्या तहात खानदेशातला मुलूख इंग्रजांकडे गेला. इंग्रज सेनापती सर थॉमस हिस्लॉप फौजेसह दक्षिणेकडे परतताना २७ फेब्रुवारी १८१८ ला थाळनेरसमोर आला. किल्लेदार तुळशीराम मामाने किल्ला लगेच सोडला नाही. दरवाज्यात बोलणी चालू असताना झटापट झाली, त्यात इंग्रज अधिकारी मारले गेले. मग आतल्या शिबंदीची कत्तल झाली आणि किल्लेदाराला फाशी दिलं. या फाशीवर पुढे ब्रिटिश पार्लमेंटमध्येही प्रश्न विचारले गेले. म्हणजे शिरपूर तालुक्यातल्या एका संध्याकाळची कागदपत्रं लंडनपर्यंत पोचली आहेत.

थाळनेर जवळ नसेल तर लळिंग घ्या, पारोळा घ्या, चाळीसगावचं पाटण घ्या. भुसावळवाल्यांनी असीरगड घ्यावा. तो आज मध्य प्रदेशात आहे, पण खानदेशच्या इतिहासाची किल्ली तिथेच आहे.

दुसरी पायरी: आधी सांगाडा

पहिल्या आठवड्यात एकही ग्रंथ विकत घेऊ नका. मराठी विश्वकोश महाजालावर मोफत आहे. त्यातल्या खानदेश, फारुकी घराणे, असीरगड, इंग्रज-मराठे युद्धे या नोंदी वाचा आणि सनावळीचं एकच पान स्वतःच्या हाताने लिहून काढा.

मग गॅझेटिअर, म्हणजे सरकारने छापलेला जिल्ह्याच्या माहितीचा ग्रंथ. मुंबई इलाख्याच्या गॅझेटिअर मालेचा बारावा खंड खानदेशचा, १८८० साली निघालेला. जळगाव आणि धुळे जिल्ह्यांची गॅझेटिअरं स्वातंत्र्यानंतरही निघाली. ती वाचायला सोपी, पण रस जुन्यातच आहे. हा जुना खंड सलग वाचायचा नसतो. आधी शेवटचं, गावं आणि ठिकाणं सांगणारं प्रकरण उघडा, तुमची जागा शोधा. तिथे जी नावं भेटतील ती घेऊन इतिहासाच्या प्रकरणात जा. मग व्यापाराचं प्रकरण बघा. हे तिसरं सहसा कोणी बघत नाही आणि तिथेच खरी गंमत असते. घाट, नदीचे उतार, बैलांचे तांडे आणि बाजारपेठा कुठे होत्या हे कळलं की फौज त्याच वाटेने का गेली हे वेगळं विचारावं लागत नाही.

एक सावधगिरी. हे पुस्तक जिल्ह्यावर राज्य करणाऱ्या अधिकाऱ्यांसाठी लिहिलेलं आहे. त्यात भिल्लांबद्दल जे लिहिलंय ते बंदोबस्त करणाऱ्याच्या नजरेतून. १८२५ साली जेम्स आउट्रमने भिल्ल पलटण उभी केली ही त्यात कौतुकाची गोष्ट आहे. १८५७ मध्ये सातपुड्यात उठलेला खाज्या नाईक मात्र त्यांच्या लेखी दरोडेखोर. तारखा, अंतरं, दर, पिकं यांच्यासाठी गॅझेटिअरवर बिनधास्त विसंबा, विशेषणांसाठी विसंबू नका.

तिसरी पायरी: एक घटना, दोन सांगणारे

माझ्या मते सगळ्या वाचनात हीच पायरी महत्त्वाची, म्हणून इथे वेळ काढा.

उदाहरण असीरगडचंच. अकबर १६०० साली बऱ्हाणपुरात आला. शेवटचा फारुकी सुलतान बहादूर खान गडावर जाऊन बसला. वेढा महिनोन्‌महिने चालला आणि जानेवारी १६०१ मध्ये गड पडला. इथपर्यंत भांडण नाही. तो पडला कसा, यावर दोन अगदी वेगळ्या हकिकती आहेत.

अबुल फजल स्वतः या मोहिमेत होता. त्याचा अकबरनामा सांगतो की गडावर रोगराई पसरली, शिबंदीचा धीर सुटला, बहादूर खान खाली उतरून शरण आला. अकबराच्या छावणीत जेरोम झेवियर नावाचा जेझुइट पाद्रीही होता. त्याच्या पत्रांवरून युरोपात जी हकिकत छापली गेली ती म्हणते की बहादूर खानाला सुरक्षिततेचं वचन देऊन खाली बोलावलं आणि अडकवून ठेवलं. गडावरच्या लोकांना पैसे चारले आणि दरवाजे उघडून घेतले.

खरं कोण? घाई करू नका. आधी वहीत एका पानाचे दोन उभे भाग करा आणि प्रत्येक सांगणाऱ्यापुढे तीन गोष्टी लिहा: तो तिथे होता का, कोणासाठी लिहीत होता, खोटं बोलून त्याला काय मिळणार होतं. अबुल फजल बादशहाचा पगारी इतिहासकार, बादशहाने वचन मोडलं असं तो लिहिणार नाही. झेवियर बादशहाचा नोकर नव्हता, पण तो पोर्तुगिजांच्या बाजूचा. बहादूर खानाच्या पदरीही पोर्तुगीज होते आणि गडावर काय चाललंय हे त्याला ऐकूनच कळत असणार. मोठमोठ्या इतिहासकारांनीही यावर वेगवेगळे कौल दिलेत. मला स्वतःला वाटतं की रोगराई आणि लाच दोन्ही खरी असावीत. उपाशी, आजारी शिबंदीला फितवायला फार खर्च येत नाही. तुमचं मत वेगळं होऊ शकतं. पण ते दोन्ही बाजू वाचून झालेलं असेल, एवढं बघा.

याच वाटेवर एक मजेशीर माणूस भेटतो. फारुकींचा इतिहास ज्या फारसी ग्रंथात सलग मिळतो तो फिरिश्ता या इतिहासकाराचा. त्याचं १८२९ साली निघालेलं गाजलेलं इंग्रजी भाषांतर जॉन ब्रिग्जचं. हाच ब्रिग्ज १८१८ नंतर खानदेशचा पहिला इंग्रज पोलिटिकल एजंट. दिवसा भिल्लांशी आणि अरब शिबंदीशी निपटणारा अधिकारी हाच पुढे याच मुलखाच्या जुन्या सुलतानांचा इतिहास जगापुढे ठेवतो. लष्कराचं पुस्तक कुठे संपतं आणि संस्कृतीचं कुठे सुरू होतं, हे अशा माणसापाशी सांगता येत नाही.

चौथी पायरी: पुस्तकाची जात ओळखा

लढाईवरची पुस्तकं अनेक जातींची असतात आणि प्रत्येकीकडे मागायची गोष्ट वेगळी. पानिपत घ्या, कारण त्यावर मराठीत भरपूर आहे आणि ते कोणत्याही वाचनालयात मिळतं.

त्या वेळची पत्रं सगळ्यात कच्ची आणि सगळ्यात मोलाची. वि. का. राजवाड्यांच्या ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’चा पहिला खंड १८९८ साली निघाला, त्यात १७५० ते १७६१ ची पत्रं आहेत. पत्र लिहिणाऱ्याला उद्या काय होणार हे माहीत नसतं, म्हणून त्यात शहाणपण कमी आणि दाणागोट्याची, पैशाची काळजी जास्त. सुरुवातीला भाषा अडते. रोज दोन पत्रं मोठ्याने वाचा, आठवड्याभरात कान बसतो.

बखर नंतर लिहिली जाते, कोणाच्या तरी आज्ञेने किंवा कोणाची तरी बाजू घेऊन. भाऊसाहेबांच्या बखरीतली भाषा अप्रतिम आहे, आकडे मात्र ताडून बघावेत. लोकांना तो पराभव कसा वाटला, हे बखरीकडून घ्यायचं.

संशोधकाचा ग्रंथ म्हणजे त्र्यं. शं. शेजवलकरांचं ‘पानिपत : १७६१’. शेजवलकर मतं ठणकावून मांडतात आणि वाचकाला भांडायला जागा ठेवतात. नवख्याने हे पत्रांआधी वाचलं तरी चालेल.

आणि कादंबरी. विश्वास पाटलांच्या ‘पानिपत’ने कित्येकांना या विषयाकडे आणलं, त्याबद्दल नाक मुरडण्यात अर्थ नाही. कादंबरीने सुरुवात करा, पण तिच्यावर थांबू नका.

आवृत्ती बघायची सवयही लावून घ्या. विष्णुभट गोडसे यांचं ‘माझा प्रवास’ हे १८५७ चं डोळ्यांनी पाहिलेलं वर्णन. १९०७ मध्ये ते पहिल्यांदा छापलं गेलं तेव्हा संपादकांनी मजकुरात बरेच फेरफार केले होते. मूळ हस्तलिखितावरून शुद्ध पाठ बऱ्याच वर्षांनी, दत्तो वामन पोतदारांच्या संपादनातून आला. पुस्तकाचं नाव तेच, पण हातात कोणती प्रत आहे त्यावर तुम्ही गोडसे भटजी वाचताय की संपादक, हे ठरतं.

पाचवी पायरी: लढाईशेजारी दुसरं पुस्तक ठेवा

नुसत्या लढाया वाचत गेलं की सहा महिन्यांत सगळ्या सारख्याच वाटू लागतात. म्हणून नियम करा: युद्धावरचं एक पुस्तक संपलं की त्याच काळातलं, त्याच भागातलं, युद्धाशी संबंध नसलेलं एक वाचायचं.

बऱ्हाणपूरला यासाठी तोड नाही. अब्दुल रहीम खानखाना मोगलांचा सेनापती म्हणून इथे वर्षानुवर्षं होता. १५९७ साली गोदावरीकाठच्या लढाईत तो मोगल फौजेचा सरदार होता आणि त्याच्या बाजूने लढताना खानदेशचा फारुकी सुलतान राजा अली खान मारला गेला. हाच रहीम शाळेत पाठ केलेल्या दोह्यांचा कवी, आणि बाबराच्या आठवणी तुर्कीतून फारसीत आणणाराही तोच. त्याच्या मोहिमांची हकिकत आणि दोहे शेजारी ठेवून वाचा, दोन्हींचा सूर बदलतो. त्यानंतर फ्रेंच व्यापारी ताव्हेर्निएचं प्रवासवर्णन घ्या. बऱ्हाणपूरचं तलम कापड इराण-तुर्कस्तानापर्यंत कसं जायचं ते त्यात आहे. मग १६८१ मध्ये संभाजी महाराजांच्या फौजेने याच शहरावर झडप का घातली, हे नकाशाशिवाय कळतं.

दुसरी जोडी भुसावळची. मद्रासच्या फौजेतला मेजर रॉबर्ट गिल १८४४ पासून अजिंठ्यात चित्रांच्या नकला काढत बसला. त्याच्या बहुतेक नकला १८६६ साली लंडनच्या क्रिस्टल पॅलेसच्या आगीत जळाल्या. १८७९ मध्ये तो वारला आणि भुसावळच्या कबरस्तानात पुरला गेला. ना. धों. महानोरांचं ‘अजिंठा’ हे दीर्घकाव्य त्याच्या आणि त्याची प्रेयसी पारो हिच्या गोष्टीवर आहे. काव्य काव्य म्हणून वाचा आणि लेण्यांवरचं एखादं अभ्यासाचं पुस्तक सोबत ठेवा. कवीने कुठे रंग भरलाय हे शोधण्यातही मजा आहे.

तिसरी जोडी मला सगळ्यात आवडते. खानदेशचं गॅझेटिअर १८८० चं आणि बहिणाबाई चौधरींचा जन्मही आसोद्याला १८८० चाच. गॅझेटिअरच्या शेतीच्या प्रकरणात जमिनीचे प्रकार, पेरणीचे महिने, औतं, कपाशीच्या जाती सगळं तपशिलाने आहे. फक्त शेतात राबणारी बाई त्यात जवळजवळ नाही. ती १९५२ साली छापल्या गेलेल्या बहिणाबाईंच्या कवितेत आहे, पेरणीपासून मळणीपर्यंत, घरोट्यापासून खोप्यापर्यंत. अधिकाऱ्याचं प्रकरण आणि तिची कविता आलटून पालटून वाचा.

भाषेत रस असेल तर ग्रिअरसनच्या भाषिक सर्वेक्षणाचा भिल्ली भाषांवरचा १९०७ चा भाग चाळा. त्यात खानदेशी बोलीचे नमुने आहेत. घरातल्या म्हाताऱ्या माणसाला ते वाचून दाखवले की दुरुस्त्यांचा पाऊस पडतो. त्या दुरुस्त्या लिहून ठेवा.

सन आणि गावांची नावं

इथे नवखे सगळ्यात जास्त अडखळतात, पण औषध सोपं आहे. शकात ७८ मिळवले की इसवी सन येतो. जानेवारीपासून फाल्गुन संपेपर्यंतची मिती असेल तर ७९. पानिपत शके १६८२ च्या पौषातलं, म्हणून १६८२ अधिक ७९, १७६१. मराठी पत्रांत शुहूर सन असतो, त्यात जून ते डिसेंबरला ५९९ आणि जानेवारी ते मेला ६०० मिळवा. हिजरी सनासाठी गणित करू नका, जंत्री, म्हणजे तारखांचं तयार कोष्टक, बघा.

गावांचे घोटाळे जास्त फसवे. थोरल्या बाजीरावांचा मृत्यू १७४० साली रावेरखेडीला झाला. ती नर्मदेकाठी आहे, आपल्या जळगाव जिल्ह्यातलं केळीचं रावेर वेगळं. जुन्या इंग्रजी पुस्तकांत खानदेशचं स्पेलिंग ‘के’ने नव्हे तर ‘सी’ने सुरू होतं, आणि थाळनेर, बऱ्हाणपूर ही नावंही आजच्यासारखी लिहिलेली नसतात. महाजालावर काही सापडलं नाही तर विषय संपला असं समजू नका, स्पेलिंग बदलून पुन्हा शोधा.

स्वातंत्र्याची लढाई आणि नंतरची युद्धं

१४ एप्रिल १९४४ ला शिंदखेडा तालुक्यात चिमठाण्याजवळ सरकारी खजिना लुटला गेला, रक्कम साडेपाच लाखांच्या घरात. हे काम साताऱ्याच्या प्रतिसरकारच्या माणसांचं, त्यामुळे त्याची खरी हकिकत सातारा-सांगलीकडच्या क्रांतिकारकांच्या आठवणींत मिळते. धुळ्याच्या कपाटात नसलं तर दुसऱ्या जिल्ह्याच्या कपाटात बघायचं. नंदुरबारच्या शिरीषकुमारचं बलिदान ९ सप्टेंबर १९४२ चं. त्यावर लहान मुलांसाठीची पुस्तकं खूप आहेत, मोठ्यांनी बेचाळीसच्या आंदोलनावरचा अभ्यासग्रंथ सोबत घ्यावा.

१९४७ नंतरच्या युद्धांवर लिहिणारे बहुतेक स्वतः सेनाधिकारी. ब्रिगेडियर जॉन दळवींचं ‘हिमालयन ब्लंडर’ हे १९६२ वरचं पुस्तक जरूर वाचा. लिहिणारा स्वतः चिन्यांच्या कैदेत होता, त्यामुळे पानापानात चीड आहे आणि ती रास्तही आहे. पण सेनापतीच्या आठवणींत दोष नेहमी दुसऱ्याच्या तंबूत सापडतो. म्हणून जोडीला दिल्लीतल्या टेबलावरून लिहिलेलं काहीतरी ठेवा. यशवंतराव चव्हाणांसोबत संरक्षण मंत्रालयात काम केलेल्या राम प्रधानांची पुस्तकं त्यासाठी चांगली. वरणगावच्या आयुध निर्माणीत घरातलं कोणी नोकरीला असेल तर हेही बघा की ती १९६४ ची, म्हणजे चीन युद्धानंतर लगेचची. आपल्या गावात भोंगा का वाजू लागला हे अशा वाचनातून कळतं.

पुस्तकं कुठे मिळतात

तालुक्याच्या सार्वजनिक वाचनालयाचं सभासदत्व घ्या, अनामत आणि वर्गणी किरकोळ असते. कथा-कादंबऱ्यांच्या पलीकडचं, सहसा कुलूप असलेलं संदर्भाचं कपाट उघडायला सांगा. ग्रंथपाल बरेचदा खूश होतो, कारण ते मागायला कोणी येत नाही.

धुळ्यात इतिहासाचार्य राजवाडे संशोधन मंडळ आहे. राजवाडे ३१ डिसेंबर १९२६ ला धुळ्यातच वारले आणि काही दिवसांतच, जानेवारी १९२७ मध्ये मंडळ सुरू झालं. त्यांनी गोळा केलेले कागद, हस्तलिखितं आणि मंडळाची जुनी प्रकाशनं तिथे आहेत. समर्थ वाग्देवता मंदिरात रामदासी संप्रदायाची हस्तलिखितं आहेत. शंकर श्रीकृष्ण देवांनी ती मठामठांतून जमवली. दोन्ही ठिकाणी जाण्याआधी चौकशी करा, कोणत्या विषयासाठी येताय ते एका कागदावर लिहून न्या, शाईपेनऐवजी पेन्सिल वापरा, आणि फोटो काढण्याआधी विचारा. मोडी येत नसल्याची लाज नको. छापलेले खंड देवनागरीतच आहेत आणि सुरुवातीची काही वर्षं तेवढे पुरतात.

जुनी गॅझेटिअरं, ब्लॅकरचा १८१७-१९ च्या मोहिमेवरचा ग्रंथ, ग्रँट डफचा मराठ्यांचा इतिहास, फिरिश्त्याचं भाषांतर हे सगळं महाजालावर मोफत उतरवून घेता येतं. फक्त स्कॅन करणाऱ्यांनी घडीचे नकाशे बहुतेक वेळा न उलगडताच सोडलेले असतात. मोहिमेचा नकाशा बघायचा असेल तर छापील प्रत शोधावी लागते, आणि प्रत हातात आली की आधी शेवटच्या पुठ्ठ्याला चिकटलेला खिसा तपासा, नकाशा तिथे असतो किंवा कोणीतरी आधीच काढून नेलेला असतो.